आतलं पाणी, बाहेरचं पाणी

५ फेब्रुवारी

दुपारच्या लाँचने दांड्यावर पोचले. यंत्रांच्या पेट्या, रबरी बूट आणि मी, सगळं सुखरूप. लाँच भाऊजींचीच, त्यामुळे धक्क्याला लागेपर्यंत त्यांची टकळी चालू होती. "मोजणीबाई आल्या हो!" असं त्यांनी किनाऱ्यावरच्या लोकांना ओरडून सांगितलं, तेव्हा कुठे तोंड लपवू असं झालं. सर्वेक्षण खात्यात माझं अर्धं आयुष्य गेलं, पण भाऊजींच्या लेखी मी अजून फूटपट्टी घेऊन फिरणारी शाळकरी पोरगीच आहे.

ऑफिसने शहरातल्या विश्रामगृहात सोय केली होती. ताईने ती परस्पर मोडीत काढली. "सख्खी बहीण इथे असताना तू तिकडे ढेकणांत झोपणार?" संपला विषय. मागची खोली मला दिलीय, तिच्या शिवणाच्या मशीनशेजारी. माझ्या खिडकीतून उपसागर दिसतो आणि स्वयंपाकघराच्या खिडकीतून खुला समुद्र. गाव रुंदीला एवढंच. इथले लोक उपसागराला 'आतलं पाणी' म्हणतात आणि समुद्राला 'बाहेरचं पाणी'. आमच्या खात्याच्या सगळ्या शब्दांपेक्षा मला हे बरे वाटतात.

ताई जराशी उतरलीय. विचारलं तर म्हणाली, "वय झालं, आता काय गाल फुगवून फिरू?"

९ फेब्रुवारी

आज भाऊजींबरोबर सगळ्या उपसागराला फेरी मारली. कागदावर हा किनारा मी कितीदा काढला असेन, हात आपोआप वळतो. पण पाण्यावरून बघताना आपण काही काढलंच नव्हतं असं वाटतं.

पूर्वेला शहर आणि बंदर. दोन नद्या तिथेच येऊन मिळतात. शहराला छाती समजलं, तर तिथून दोन हात समुद्राकडे पसरलेत, कुणाला तरी कवेत घ्यायला निघाल्यासारखे. उत्तरेचा हात काळ्या खडकाचा, आडदांड, लाटांना धूप न घालणारा. दक्षिणेचा हात नुसत्या वाळूचा, लांबलचक आणि बारीक. तोच हा दांडा, आणि त्याच्यावर ताईचं गाव. दोन्ही हातांची बोटं जवळ येतात पण लागत नाहीत. तेवढ्या फटीतून एवढं सगळं पाणी भरतीला आत येतं आणि ओहोटीला बाहेर जातं. आत मात्र एवढी जागा आहे की मधोमध गेल्यावर चारी किनारे निळसर रेघ होऊन बसतात. ईशान्येला चिखल. ओहोटी लागली की तो उघडा पडतो, आणि ज्या पाण्यातून सकाळी लाँच नेली तिथे दुपारी पक्षी चालत असतात.

भाऊजींनी विचारलं, "एवढं मोजून करणार काय?" मी सांगितलं. नद्या वाळू आणतात, ओहोटी ती तोंडापर्यंत नेते, आणि लाटा ढकलत ढकलत दांड्यावर आणून टाकतात. असा हा दांडा तयार झाला आणि असाच टिकला. आता बंदराने मोठ्या जहाजांसाठी मधून खोल चर काढलाय. वाळू त्या चरात पडते, आणि गाळ उपसणारी जहाजं ती उचलून दूर समुद्रात फेकून येतात. दांड्याच्या ताटात काही पडतच नाही.

"म्हणजे आम्ही उपाशी?"

"तुम्ही नाही. दांडा उपाशी."

"तेच ते," भाऊजी म्हणाले आणि सुकाणू वळवलं.

१८ फेब्रुवारी

दिवसभर मानेवर होते. दांडा जिथे सगळ्यांत अरुंद होतो त्या जागेला गावात 'मान' म्हणतात. मुख्य किनाऱ्याकडून येणारा एकुलता एक रस्ता तिथून जातो, आणि रस्त्याकडेची पाच-सहा घरंही तिथेच आहेत. त्यातलं एक ताईचं. वीस वर्षांपूर्वीच्या नकाशात तिच्या परसापुढे झाडांची दुहेरी रांग आहे. आज एकही झाड नाही. परस आहे, तेही अर्धं.

संध्याकाळी घरी आले तर वेगळाच तमाशा. भाऊजी ओट्यापाशी, कमरेला पंचा, हातात पळी. ताई खुर्चीत बसून हुकूम सोडतेय. "आधी तेल तापू द्या. अहो तापू द्या म्हटलं ना!" इतक्या वर्षांच्या संसारात भाऊजींनी कधी चहाचं आधण ठेवलं नसेल. आमटीत मीठ दोनदा पडलं होतं. आम्ही तिघं हसून हसून बेजार झालो. मी म्हटलं, "ताई, उशिरा का होईना, नवऱ्याला वळण लावतेयस!" ताई म्हणाली, "शिकलेलं बरं."

जेवण झाल्यावर मशीनवर बसली. स्वतःचेच जुने कपडे काढून सगळे बाजूने आत घेतेय. मी विचारलं, तर म्हणाली सध्या फिटिंगचे चालतात. या वयात हिला फॅशन सुचतेय!

२ मार्च

ताई दर मंगळवारी दोरा आणायला शहरात जाते. आज संध्याकाळी आली तर हात रिकामे. "दुकान बंद होतं." मी म्हटलं, "शहरातली दुकानं सोमवारी बंद असतात." म्हणाली, "मग मंगळवारी बंद ठेवलं असेल, मला काय विचारतेस?" आणि न जेवता आडवी झाली. लाँच लागते म्हणे. लाँचवाल्याच्या बायकोला लाँच लागते!

मी बरोबर येते म्हटलं तर अंगावरच आली. "तुझी कामं कर."

११ मार्च

आज सगळी मापं एकत्र मांडली. दोनदा तपासली, कारण पहिल्यांदा माझाच विश्वास बसेना.

मान नुसती वरून अरुंद झालेली नाही. ती दोन्ही बाजूंनी पाण्याखालीही कोरली गेलीय. बाहेरच्या अंगाला उतार इतका तीव्र झालाय की मोठी लाट फुटायच्या आधीच पायथ्याशी पोचते. मोठ्या उधाणाच्या दिवशी जोराचं वादळ आलं, तर समुद्र इथून आरपार जाईल. ही शंका नाही, हिशोब आहे. यंदा होईल की पुढच्या वर्षी, एवढंच काय ते ठाऊक नाही.

आणि मान तुटली, की रस्ता गेला. पलीकडचं सगळं गाव पाण्यात अडकणार.

भाऊजींना सांगितलं. ते बराच वेळ लाँचचा दोर गुंडाळत राहिले. मग म्हणाले, "ताईला मी सांगतो." मला आश्चर्य वाटलं. नेहमी वाईट बातमी सांगायची झाली की ते मला पुढे करतात.

१४ मार्च

आज ताईशी कडाक्याचं भांडण झालं. जसं झालं तसं लिहून ठेवते.

ती भाजी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "तुझा अहवाल कधी जाणार?"

"या महिन्याअखेर."

"जरा थांबव ना."

"किती?"

"वादळाचे दिवस सरू देत. थंडीपर्यंत धर."

"ताई, त्याच वादळांसाठी तर अहवाल आहे."

"आकडे बदल म्हणत नाही गं मी. नुसता थांब म्हणतेय."

"पण कशासाठी?"

ती देठ मोडत राहिली. मग म्हणाली, "कशासाठी ते विचारू नकोस. मी तुझ्याकडे कधी काही मागितलंय?"

नाही मागितलं. आई गेल्यावर माझी वेणी हिने घातली, माझ्या शाळेच्या पाटीवर नाव हिने लिहिलं, माझ्या पहिल्या नोकरीला घालायचे कपडे हिने शिवले. मागितलं कधीच काही नाही. म्हणूनच बहुधा माझा तोल गेला. मी म्हटलं, "चार भिंतींच्या लोभापायी तू सगळ्या गावाचा जीव टांगणीला लावणार? पलीकडे घराघरांत पोरं आहेत. त्यातलं एक जरी गेलं तर तुला झोप येईल?"

शब्द तोंडातून गेल्यावर मलाच ते ऐकू आले. ताई रागावली नाही. थोडी हसली. "बरोबर आहे तुझं. लहानपणापासून तुझं बरोबरच असायचं. त्यात तुझा काही दोष नाही."

मग तिने भाजीचं ताट माझ्याकडे सरकवलं. "एवढी निवड. माझे हात दुखले."

१५ मार्च

ताईने सकाळी नेहमीसारखा चहा दिला.

दिवसभर मानेवर उभी राहून विचार करत होते. थांबता येईल का? खरं सांगायचं तर येईल. साहेबांच्या टेबलावर अहवाल महिनोन्महिने पडून असतात. "मापं पुन्हा तपासते" म्हटलं तर कुणी हूं की चूं करणार नाही. पण मला कारण तरी सांगावं की नाही? नुसतं 'माझ्यासाठी थांब' यावर मी एवढ्या माणसांना कशी थांबवू? घराची माया कुणाला नसते? ताईची जरा जास्त असेल. हळूहळू ती सुटेल.

२३ मार्च

अहवाल दिला. ठरलेल्या दिवसाच्या आधीच, स्वतः जाऊन साहेबांच्या हातात. एवढी घाई का केली? आणखी चार दिवस ताईच्या घरात राहिले असते तर विरघळले असते म्हणून.

साहेबांनी माझ्यासमोरच वाचला. पाणी प्यायले. म्हणाले, "हे मी आजच वर पाठवतो." माझ्या नोकरीत 'आजच' हा शब्द मी प्रथमच ऐकला.

१९ एप्रिल

हुकूम निघाला. वादळाचे दिवस सुरू व्हायच्या आत दांडा रिकामा करायचा. शहरात प्रत्येक कुटुंबाला राहायला जागा मिळेल. आज शाळेच्या खोलीत गावाची सभा होती. मला अहवाल समजावून सांगायला बोलावलं होतं. फळ्यावर दोन हात काढले, चर काढला, मान काढली. कुणी ऐकत नव्हतं. धक्क्यावरचा चहावाला तर माझ्या तोंडासमोर हात नाचवत होता. "माझा आजा इथे जन्मला, तेव्हा समुद्र काय झोपला होता का? बंदराला जागा हवीय, ते बोला! आणि या बाई तर पगारी माणूस!"

मागून "हो हो" असा गलका झाला. माझ्या हातातला खडू खाली पडला.

तेवढ्यात ताई उठली. भिंतीला धरून उठली. आवाज बारीक होता, तरी सगळे गप्प झाले, कारण तिथल्या अर्ध्या लोकांचे कपडे तिने शिवलेत. "माझ्या बहिणीने मोजलंय म्हणजे बरोबर असणार," ती म्हणाली. "तिला चुकीचं मोजता येत नाही, एवढं मला माहितीय. सामान बांधा." आणि खाली बसली.

मला रडू आलं. भांडणानंतर इतके दिवस छातीवर दगड होता, तो उतरला. ताईला पटलं! वेळ लागला, पण पटलं. बाहेर आल्यावर मी तिला मिठी मारली. ती म्हणाली, "हळू गं."

६ मे

आज हलवाहलव.

सकाळपासून ताई अंगणात खुर्ची टाकून बसली होती. सगळं सामान भाऊजींनी आणि मी भरलं. मला जरा रागच आला होता. दुसऱ्यांचं सामान बांधायला एरवी ही सगळ्यांच्या पुढे असते. मी म्हटलं, "ताई, निदान कपाट तरी रिकामं कर." ती म्हणाली, "रिकामंच आहे बघ." खरंच होतं. गेल्या महिन्यातच तिने साड्या, भांडी, शिवणाची कात्री, सगळं शेजारणींना देऊन टाकलं होतं. नव्या घरी ओझं नको म्हणून असेल, असं मला वाटलं होतं.

लाँचमध्ये पाय ठेवताना ती कोसळली. भाऊजींनी झेलली. तिला उचलून घेतलं तेव्हा त्यांना काही कष्टच पडले नाहीत, हे मी बघितलं.

शहराच्या धक्क्यावरून थेट दवाखान्यात. डॉक्टरबाई तिला नावाने ओळखत होत्या. "गेले दोन मंगळवार आल्या नाहीत त्या," मला म्हणाल्या. मी म्हटलं, "कशाला येणार होती?" त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग भाऊजींकडे. मग मला बाजूच्या खोलीत नेऊन बसवलं आणि सांगितलं.

पुढचं आज लिहवत नाही.

८ मे

भाऊजींना हिवाळ्यापासून माहीत होतं. पोटात गाठ, आणि ती पसरलेली. उपचाराने थोडे दिवस वाढले असते, पण ते अंथरुणातले. ताईने नको म्हटलं. मंगळवारी फक्त दुखणं कमी करायची औषधं घ्यायला जायची. डॉक्टरबाईंनी सांगितलं होतं, थंडी काही दिसायची नाही.

मी भाऊजींवर ओरडले. दवाखान्याच्या व्हरांड्यात, लोकांसमोर. "मला एका शब्दाने सांगितलं नाही तुम्ही! ती फक्त स्वतःच्या घरात…"

ते म्हणाले, "मी सांगणार होतो. तिने शपथ घातली. म्हणाली, कारण सांगून मागितलं तर ते मागणं राहत नाही, ती जबरदस्ती होते. तू थांबली असतीस. आणि मध्येच वादळ झालं असतं, एखादं पोर गेलं असतं, तर तू जन्मभर स्वतःला खात बसली असतीस. ते तिला नको होतं."

"मग मागितलं तरी कशाला?"

"मागून बघितलं," भाऊजी म्हणाले. "माणूस आहे ना ती पण."

२५ मे

सरकारने दिलेली जागा तिसऱ्या मजल्यावर. एक खोली, एक स्वयंपाकघर. खिडकीसमोर दुसऱ्या इमारतीची भिंत, तिच्यावरून उतरणारे पाण्याचे नळ. मी ताईला आमच्या ऑफिसच्या गावी, माझ्या घरी नेते म्हटलं. तिथून निदान नदीचं मुख तरी दिसतं. ताई म्हणाली, "आता आणखी जिने नकोत." रजा काढून मीच इकडे येऊन राहिलेय.

ती काही तक्रार करत नाही. तेच सहन होत नाही. आज पहाटे तिने विचारलं, "आता भरती की ओहोटी?" मी तक्त्यात बघून सांगितलं. म्हणाली, "तिकडे असते तर विचारावं लागलं नसतं. ऐकू यायचं." मग माझं तोंड बघून लगेच म्हणाली, "पण इथे झोप चांगली लागते हं. आवाज नाही ना."

मी तिचे पाय दाबले. पायांत काही उरलेलं नाही.

१२ जून

काल संध्याकाळपासून वारा. आज दुपारी उधाणाची भरती आणि वादळ एकाच वेळी आलं. इथे तिसऱ्या मजल्यावर खिडक्यांच्या काचा थरथरत होत्या. भाऊजी गॅलरीत उभे, दिसत काहीच नव्हतं, तरी उभे. ताई औषधाच्या गुंगीत होती. एकदा डोळे उघडून म्हणाली, "बाहेरचं पाणी आत आलं वाटतं," आणि पुन्हा मिटले.

चार वाजता ऑफिसमधून फोन. मान तुटली.

माझ्या हिशोबाप्रमाणे तुटली. ज्या ठिकाणी म्हटलं होतं, त्याच ठिकाणी. साहेब म्हणाले, "अभिनंदन म्हणायची ही वेळ नाही, पण तुमच्यामुळे आज एकही माणूस दगावला नाही." फोन ठेवल्यावर मी स्वयंपाकघरात जाऊन भिंतीला टेकून उभी राहिले. आनंद व्हायला हवा होता. एवढ्या घरांतली पोरं आज इथे याच इमारतीत जिन्यावर दंगा करतायत, त्यांचा आवाज मला ऐकू येत होता. मी तो आवाज मुद्दाम ऐकत राहिले.

१३ जून

सकाळी वारा पडला. भाऊजी आणि मी लाँच घेऊन गेलो.

दांड्याचं टोक आता बेट झालंय. त्याच्यावर शाळा उभी आहे, पाण्याची टाकी उभी आहे. मान जिथे होती तिथून गढूळ पाणी जोरात आत येत होतं. तिथलं एकही घर नाही. मोडकं नाही, पडकं नाही, नाहीच. निघताना शहराच्या धक्क्यावर तो चहावाला भेटला होता. माझे दोन्ही हात धरून म्हणाला, "बाई, तुम्ही नसता तर…" मी हात सोडवून घेतले. त्याचा काही दोष नव्हता.

परत येताना ठरवलं, ताईला कळू द्यायचं नाही. भाऊजींना सांगितलं. त्यांनी मान हलवली. मला खाली औषधाच्या दुकानात वेळ लागला. वर आले तेव्हा ते ताईपाशी बसून होते, दार लोटलेलं. मला बघून उठले आणि तोंड धुवायला गेले. मी हळूच विचारलं, "काही बोललात?" म्हणाले, "काय बोलणार?"

मी आत गेले. ताई उशीला टेकून बसली होती. खूप दिवसांनी डोळे स्वच्छ.

"काय गं, बघून आलीस?"

"हो."

"गाव?"

"शाळा आहे. टाकी आहे. धक्का मोडलाय."

"आणि आपलं घर?"

आजवर मी एकही खोटं माप कागदावर घातलेलं नाही. "आहे," मी म्हटलं. "अंगणात वाळूचा ढीग आलाय. थोडी कौलं उडालीत."

तिने माझ्याकडे बघितलं. खूप वेळ बघितलं. "मशीनची खोली?"

"कोरडी आहे."

"कोरडी," ती सावकाश म्हणाली. मग माझा हात तिने स्वतःच्या हातात घेतला, कुरवाळला. "किती छान सांगतेस गं. अजून सांग."

मग मी सांगत सुटले. स्वयंपाकघराची खिडकी उघडीच राहिली होती, मी लावून घेतली. परसात तुझी वेल अजून आहे. दोरीवर एक चिमटा तसाच आहे. शेजारणीची मांजर तुझ्या पायरीवर बसली होती. काय काय सांगितलं देव जाणे. ती डोळे मिटून ऐकत होती आणि मध्येच "हो का?" म्हणत होती. भाऊजी दारात आले आणि तसेच पाठ फिरवून गेले.

शेवटी म्हणाली, "आता रडायचं नाही हं."

"मी कुठे रडतेय?"

"पुढचं म्हणतेय."

तिला शंकासुद्धा आली नाही. इतक्या सगळ्यात एवढी एक गोष्ट तरी मला तिच्यासाठी जमली.

२८ जून

ताई आज सकाळी गेली. भाऊजी तिला चमच्याने पाणी पाजत होते. तिने अर्धं घेतलं, अर्धं नको म्हणून तोंड फिरवलं. आम्हाला वाटलं, झोपली.

१० जुलै

सगळे येऊन गेले. गावचे लोक तर रोज येतात, जिन्यावरसुद्धा बसून राहतात. प्रत्येकाच्या अंगावर तिने शिवलेलं काही ना काही असतं. बायका मला ते हातात धरून दाखवतात, ही शिवण बघा, ही तिची. मी बघते.

भाऊजींना माझ्या घरी घेऊन आलेय. बोलत नाहीत फारसे. काल मी त्यांना म्हटलं, "निदान घर गेलेलं तिला कळलं नाही, ते एक बरं झालं." त्यांनी माझ्याकडे बघितलं. काहीतरी म्हणणार होते. मग म्हणाले, "हो. तू फार छान सांगितलंस तिला. तिला फार आवडलं."

४ ऑक्टोबर

ऑफिसने नव्या नकाशाचं काम मलाच दिलं. उपसागराला आता दोन तोंडं आहेत. जुन्यातून जेवढं पाणी जायचं, त्यातलं बरंचसं आता नव्या वाटेने जातं. आतले सगळे प्रवाह बदललेत, चिखलाची कड सरकलीय. जुना कागद निकामी. खात्याने लाँचही भाऊजींचीच घेतलीय. मी सुचवलं होतं. नको म्हणतील असं वाटलं होतं, पण तयार झाले.

आज नव्या तोंडातून रेघा मारत होतो. एका कडेने जायचं, वळायचं, परत यायचं, आणि यंत्र खालची खोली उमटवत राहतं. तिसऱ्या की चौथ्या रेघेवर भाऊजींनी अचानक वेग कमी केला. एकदा शाळेकडे बघितलं, एकदा उत्तरेच्या खडकाकडे. थोडं मागे घेतलं. इंजिन बंद केलं.

"इथे," म्हणाले.

मला समजलं. पाणी शांत होतं. भरती संपत आलेली, प्रवाह थांबलेला. लाँच जागच्या जागी उभी राहिली.

"किती आहे?" त्यांनी विचारलं.

मी यंत्राकडे बघितलं. मीटरमध्ये सांगितलं नाही. म्हटलं, "दोन माणसं एकावर एक उभी राहिली तर वरच्याचं डोकं बाहेर राहील."

ते वाकून पाण्यात बघायला लागले.

"एवढंच?"

"एवढंच."

"मला वाटलं होतं…" ते थांबले. "मला वाटत होतं, फार खोल गेलं असेल."

मग ते लाँचच्या काठाशी गुडघ्यांवर बसले, बाही वर केली आणि हात कोपरापर्यंत पाण्यात घातला. तसाच ठेवला. मी यंत्र बंद केलं. भरती संपून ओहोटी लागली, लाँच हळूहळू बाहेरच्या बाजूला सरकायला लागली, तरी त्यांनी हात काढला नाही, आणि मी त्यांना इंजिन लावा असं म्हटलं नाही.